पोरांना बुद्धिबळ शिकवायचंय ना, मग शेवटापासून सुरू करा

इंदिरानगरला आमच्या बिल्डिंगच्या पार्किंगमध्ये मी रोज संध्याकाळी सहा ते साडेसात पोरांना बुद्धिबळ शिकवते, सात वर्षं झाली, फी वगैरे काही नाही, दोन सतरंज्या आणि सहा पट एवढाच पसारा. आपल्या नाशिकचा विदित गुजराथी २०२३ ला ग्रँड स्विस ही मोठी स्पर्धा जिंकून कँडिडेट्सला, म्हणजे जगज्जेत्याचा आव्हानवीर ठरवणाऱ्या स्पर्धेला गेला तेव्हापासून मुलं वाढली आणि त्यांच्या मागे आईबाबा पण खाली यायला लागले, आणि आले की पहिलं हेच विचारतात, काकू, ओपनिंग, म्हणजे डावाच्या सुरुवातीच्या ठरलेल्या चाली, कुठलं घेताय? मुलगा सात वर्षांचा, घोडा कसा चालतो ते परवा कळलंय, आणि मोबाईलवर बघून सिसिलियन नावाच्या ओपनिंगच्या दहा-बारा चाली घडाघडा म्हणून दाखवतो. त्याच मुलाकडे वजीर आहे, समोर एकटा राजा उरलाय, आणि त्याला मात करता येत नाही. शह देतो, शह देतो, शह देतो, पन्नास चाली होऊन जातात, डाव बरोबरीत सुटतो आणि पोरगं डोळे पुसत वर जातं. हे मी इतक्यांदा बघितलंय की म्हटलं एकदा सगळं लिहूनच काढावं, घरी शिकवणाऱ्या आईबाबांना, आजोबांना उपयोगी पडेल.

माझं सांगणं एकच, उलटं शिकवा. आधी शेवट, मग मधलं, आणि ओपनिंग सगळ्यात शेवटी. हे काही माझ्या मनचं नाही, क्युबाचा कापाब्लांका १९२१ ते १९२७ जगज्जेता होता, त्याचा पण हाच आग्रह होता की शेवटाचा अभ्यास आधी करा. कारण साधं आहे, पटावर बत्तीस मोहरी असताना मुलाला एक पण नीट दिसत नाही, तीन-चार असली की प्रत्येकाची ताकद दिसते.

मला हे फार लवकर शिकायला मिळालं. मी शिकले आजोबांकडून, पंचवटीत वाड्याच्या ओट्यावर. ते देशी पद्धतीनं खेळायचे, म्हणजे प्यादं पहिल्या चालीला पण एकच घर, कॅसलिंग, म्हणजे राजा आणि हत्तीची एकत्र चाल, नाही, त्याऐवजी राजाला डावात एकदा घोड्याची उडी मारता यायची पण शह बसायच्या आधीच, आणि प्यादं पलीकडे पोचलं की ज्या घरात पोचलं तिथलं मोहरं व्हायचं, हत्तीच्या घरात हत्ती, उंटाच्या घरात उंट. मग अकरा वर्षांची असताना एका स्पर्धेत गेले. माझ्याकडे वजीर आणि वर तीन प्यादी, समोरच्या मुलीकडे फक्त राजा, तो पळत पळत एच८ च्या कोपऱ्यात गेला (घरांचे हे पत्ते पुढे सांगते) आणि मी मोठ्या आनंदानं वजीर जी६ ला ठेवला. तिनं हात वर करून पंचांना बोलावलं. पंच आले, बघितलं, म्हणाले बरोबरी. राजाला शह नाही आणि जायला घर पण नाही, स्टेलमेट. रात्री घरी आल्यावर आजोबांनी काही न बोलता पट काढला, राजा एच८ ला ठेवला, वजीर माझ्या हातात दिला आणि म्हणाले, आता हा कुठे कुठे ठेवलास तर डाव सुटतो ते शोध. मी अर्धा तास बसले होते. तो अर्धा तास मी आज प्रत्येक मुलाला देते.

तर आता क्रमानं सांगते.

पट मांडताना उजव्या हाताच्या कोपऱ्यात पांढरं घर आलं पाहिजे आणि वजीर आपापल्या रंगाच्या घरात, पांढरा वजीर पांढऱ्या घरात, काळा काळ्या. हे दोन जमले की पट चुकत नाही. घरांची नावं पहिल्याच दिवशी द्या, उभ्या ओळींना ए ते एच आणि आडव्यांना १ ते ८, म्हणजे प्रत्येक घराला पत्ता मिळतो. मी मुलांना डोळे मिटायला लावून विचारते, ई४ पांढरं की काळं? पांढरं. डी४? काळं. आठवडाभरात सगळी पोरं फटाफट सांगतात.

नावांवरून एक गंमत पोरांना जरूर सांगा. खेळ आपल्याकडचा, साधारण सहाव्या शतकातला चतुरंग, म्हणजे सैन्याची चार अंगं, हत्ती, घोडे, रथ आणि पायदळ. इथून इराणात गेला, तिथून अरबांकडे, मग युरोपात, आणि आपण जे शह आणि मात म्हणतो ते शब्द तिकडून फिरून परत आपल्याकडे आलेत. जुना वजीर अगदी गरीब होता, तिरकं एकच घर चालायचा. पंधराव्या शतकाच्या शेवटी स्पेन-इटलीकडे त्याला आजची ताकद मिळाली आणि त्यांनी त्याची राणी केली, आपण मात्र नाव वजीरच ठेवलं. आपल्याकडे हत्ती कोपऱ्यात आणि उंट राजा-वजिराच्या शेजारी, रशियन लोक आपल्या उंटालाच हत्ती म्हणतात. इंग्रजी शाळेतली मुलं बिशप, रूक म्हणतात, म्हणू दे, पण आजोबांबरोबर खेळायचं तर उंट आणि हत्ती माहीत पाहिजेत.

पहिला आठवडा फक्त प्यादी. दोन्हीकडे आठ-आठ प्यादी मांडा, बाकी काही नाही, जो आधी पलीकडे पोचला तो जिंकला. मुलांना हा खेळ वेड्यासारखा आवडतो. ह्यातच कळतं की प्यादं सरळ चालतं पण मारतं तिरकं, पहिल्या चालीला दोन घरं जाऊ शकतं, समोर कोणी आलं की अडकतं. आणि आँ पासाँ पण इथेच शिकवा, नंतर शिकवलं की पोरांना ती फसवणूक वाटते. कारण सांगायचं, पूर्वी प्यादं एकच घर जायचं, मग खेळ जलद व्हावा म्हणून पहिल्यांदा दोन घरं जायची सवलत दिली, पण त्या सवलतीचा फायदा घेऊन शेजारच्या प्याद्याच्या तावडीतून निसटायचं नाही, म्हणून दोन घरं उडी मारून बाजूला येऊन बसलं तर लगेच पुढच्याच चालीला ते एकच घर चाललंय असं धरून मारता येतं. लगेच नाही मारलं तर हक्क गेला. माझ्या आजोबांना हा नियम कधीच पटला नाही, पण कारण पटलं.

मग एकेक मोहरं प्याद्यांमध्ये सोडायचं. एक हत्ती विरुद्ध पाच प्यादी, एक उंट विरुद्ध तीन प्यादी असे छोटे छोटे डाव. घोड्याला वेळ द्या. अडीच घर अडीच घर असं नुसतं म्हणून मुलांना कळत नाही, त्यापेक्षा सांगा की घोडा दर उडीला रंग बदलतो, काळ्यावरून पांढऱ्यावर, पांढऱ्यावरून काळ्यावर. मग कोडं घाला, घोडा ए१ च्या कोपऱ्यात आहे, शेजारच्या बी२ ला न्यायचाय, किती उड्या? मोठी माणसं पण दोन म्हणतात. लागतात चार, ए१ वरून सी२, ए३, सी४ आणि मग बी२. पोरं हे शोधत असताना त्यांच्याकडे बघत बसावं, बोटं पटावर नुसती नाचत असतात.

किंमती तोंडपाठ हव्यात, प्यादं १, घोडा ३, उंट ३, हत्ती ५, वजीर ९. राजाला किंमत नाही, तो गेला की डावच गेला.

दुसरा आठवडा मात. सुरुवात दोन हत्तींपासून. एक हत्ती एक ओळ अडवून धरतो, दुसरा पुढच्या ओळीत शह देतो, राजा मागे सरकतो, मग पहिला हत्ती त्याच्यापुढे, असं जिन्याच्या पायऱ्या चढल्यासारखं राजाला कडेला नेऊन मात. मुलं त्याला जिनाच म्हणतात. राजा एखाद्या हत्तीच्या अंगावर आला की घाबरून उलटसुलट चाली करतात, तेव्हा सांगायचं, हत्ती त्याच ओळीत लांब दुसऱ्या टोकाला ने, ओळ सोडू नको.

मग वजीर आणि राजा विरुद्ध एकटा राजा. ह्याला घाई करू नका. युक्ती अशी की शह द्यायचाच नाही. वजीर समोरच्या राजापासून घोड्याच्या उडीइतक्या अंतरावर ठेवायचा आणि राजा जिकडे सरकेल तिकडे वजिराला तसंच सरकवायचं, राजा आपोआप कडेला जातो. तो कोपऱ्यात शिरला की मात्र थांबायचं, तिथे पण घोड्याच्या अंतरावर गेलात तर माझं झालं तेच होणार, एच८ ला राजा आणि जी६ ला वजीर. काय करायचं, तर वजीर सातव्या ओळीत लांब ठेवायचा, समजा ई७ ला. आता त्या राजाला एच८ आणि जी८ अशी दोनच घरं आहेत, तो तिथल्या तिथे येरझाऱ्या घालणार. घालू दे. तोपर्यंत आपला राजा चालवत चालवत जी६ ला आणायचा आणि मग वजीर जी७ ला, मात. मी मुलांना हे दहा वेळा करायला लावते, दहाच्या दहा वेळा मात झाली पाहिजे, एकदा जरी स्टेलमेट झालं तरी परत एकपासून मोजायचं. कंटाळतात, पण पंधरा दिवसांनी हाताला सवय लागते.

आता सगळ्यात महत्त्वाचं, राजा आणि एक प्यादं. हे ज्याला आलं त्याला बुद्धिबळ आलं असं मी मनापासून मानते. पांढरा राजा ई६ ला, त्याच्या मागे प्यादं ई५ ला, काळा राजा ई८ ला. चाल कोणाची पण असू दे, पांढरा जिंकतो. काळ्याची चाल असेल तर राजा डी८ ला गेला की आपला राजा एफ७ ला, तो एफ८ ला गेला की आपला डी७ ला, आणि प्याद्याचा रस्ता मोकळा. पांढऱ्याची चाल असेल तर राजा डी६, समोरचा डी८, मग प्यादं ई६, राजा ई८, प्यादं ई७, आता काळ्याला एफ७ ला जावंच लागतं आणि आपला राजा डी७ ला बसला की प्यादं वजीर होणार. आता हेच उलटं करून दाखवा, प्यादं पुढे ई७ ला, काळा राजा ई८ ला, आणि आपण आपला राजा मागून ई६ ला आणला. स्टेलमेट. प्यादं पुढे पळवलं आणि राजा मागे राहिला म्हणून जिंकलेला डाव गेला. म्हणून राजा प्याद्याच्या पुढे. फक्त कडेच्या ए आणि एचच्या प्याद्यांना हे लागू नाही, तिथे समोरचा राजा कोपऱ्यात जाऊन बसला की काढता येत नाही.

प्याद्याचा चौकोन मी खडूनं शिकवते. पार्किंगच्या फरशीवर मोठा पट आखायचा, एक मुलगी प्यादं होऊन ए४ ला उभी राहते, तिथून शेवटच्या ओळीपर्यंत जेवढी घरं तेवढाच आडवा चौकोन काढायचा, ए४, ए८, ई८, ई४. आता चाल काळ्या राजाची, जो मुलगा राजा झालाय तो एका पावलात चौकोनाच्या आत आला तर प्यादं पकडणार, नाही आला तर कितीही धावू दे, हातात येणार नाही. मग दोघं एकेक पाऊल टाकत खरंच चालून बघतात आणि बाकीची पोरं ओरडत असतात. हे एकदा पायानं चालून बघितलं की विसरत नाहीत, गेल्या वर्षीची मुलं अजून मोजत बसत नाहीत, नुसतं बघून सांगतात.

हे सगळं लहान मुलांचं आहे असं वाटत असेल तर गुकेशचा डाव बघा. डिसेंबर २०२४, सिंगापूर, जगज्जेतेपदाच्या सामन्याचा चौदावा म्हणजे शेवटचा डाव, गुण साडेसहा-साडेसहा. चीनचा डिंग लिरेन, तेव्हाचा जगज्जेता, पांढरी घेऊन, गुकेश काळी. गुकेशचं एक प्यादं जास्त होतं पण दोघांकडे हत्ती आणि उंट असल्यामुळे डाव बरोबरीतच जाणार असं सगळ्यांना वाटत होतं. ५५ व्या चालीला डिंगनं हत्ती एफ२ ला आणला. गुकेशनं हत्तीला हत्ती मारला आणि मग उंट डी५ ला नेला, डिंगचा उंट कोपऱ्यात होता, त्याला अदलाबदल टाळताच येईना. उरले दोन राजे आणि प्यादी. एफ२ च्या त्या चालीनंतर तीनच चालींनी डिंगनं डाव सोडला आणि १८ वर्षांचा गुकेश जगज्जेता झाला. म्हणजे जगज्जेतेपद ठरलं ते राजा आणि प्याद्यांच्या शेवटावर. आम्ही दुसऱ्या दिवशी पार्किंगमध्ये तो शेवट मांडला होता आणि नऊ वर्षांच्या मुलीनं सांगितलं की काकू, आता काळा राजा पुढे येणार आणि जिंकणार. सिसिलियन तिला अजून येत नाही.

तिसऱ्या आठवड्यात पूर्ण पट मांडा. कॅसलिंग आता सांगा, राजा दोन घरं सरकतो आणि हत्ती त्याला ओलांडून शेजारी येतो, राजा किंवा तो हत्ती आधी हललेला नसावा, मध्ये कोणी नसावं, राजाला शह बसलेला नसावा आणि राजा जाताना किंवा पोचताना शहाच्या घरात येता कामा नये. हत्तीवर हल्ला असला तरी चालतं, हे बऱ्याच जणांना माहीत नसतं. घरातले आजोबा देशी खेळत असतील तर त्यांच्याशी भांडू नका, दोन्ही पद्धती मुलाला कळू देत, फक्त डाव सुरू व्हायच्या आधी ठरवा की आज कुठले नियम.

ओपनिंगचं म्हणाल तर मुलांना आधी चार चालींची मात माहीत पाहिजे, कारण शाळेतल्या स्पर्धेत पहिल्या फेरीत कोणीतरी ती करतंच. पांढरा ई४, काळा ई५, पांढरा उंट सी४, काळा घोडा सी६, पांढरा वजीर एच५. आता वजीर आणि उंट दोघांची नजर एफ७ वर आहे. इथे घोडा एफ६ ला आणून वजिरावर हल्ला करावासा वाटतो आणि तिथेच मात होते. त्याऐवजी प्यादं जी६, वजिराला हाकला, तो एफ३ ला जाऊन परत एफ७ वर डोळा ठेवेल, मग घोडा एफ६. आता काळ्याची दोन मोहरी बाहेर आलीत आणि पांढरा वजीर नुसता फिरतोय. एक मात्र बघा, जी६ तेव्हाच, जेव्हा सी६ च्या घोड्यानं ई५ च्या प्याद्याला जोर दिलाय. नाहीतर वजीर ई५ चं प्यादं शहासकट मारतो आणि कोपऱ्यातला हत्ती पण जातो. आणि तुमच्या मुलाला ही मात दुसऱ्यावर करायला शिकवू नका, दोन स्पर्धा जिंकेल आणि मग वर्षभर तिथेच अडकेल.

पहिलं ओपनिंग म्हणून इटालियन द्या. ई४, ई५, घोडा एफ३, घोडा सी६, उंट सी४, उंट सी५, मग प्यादं सी३ आणि डी३, राजा कॅसल. प्रत्येक चालीला विचारायचं, का? ई४ मुळे मधली घरं मिळाली आणि वजीर-उंटाला वाट झाली. घोडा एफ३ नं प्याद्यावर हल्ला केला. उंटाची नजर एफ७ वर, जे फक्त राजाच्या भरवशावर असतं. का सांगता आलं नाही तर पुढची चाल नाही, असा माझा नियम आहे. समोरच्यानं डी४ खेळलं तर डी५, घोडा एफ६, ई६, एवढं घट्ट बसायचं, वर्षभर पुरतं.

आणि ज्याला ओपनिंगच्या नावांचा नाद आहे त्याला गोष्टी सांगा, पाठांतर नको. रुय लोपेझ हा सोळाव्या शतकातला स्पॅनिश पाद्री होता. इंडियन डिफेन्स ह्या ओपनिंगचं नाव आपल्यावरून पडलंय, कोलकात्यात १८५० च्या आसपास महेशचंद्र बंडोपाध्याय नावाचे खेळाडू जॉन कॉक्रन नावाच्या स्कॉटिश बॅरिस्टरबरोबर खेळायचे, ते मधली घरं सोडून द्यायचे, घोडा एफ६ ला, प्यादं जी६ ला एकच घर, उंट जी७ ला. देशी खेळात प्यादी एकेक घर चालायची त्या सवयीशी हे किती जुळतं बघा. तेव्हा ते विचित्र वाटायचं, आज जगातले मोठे मोठे खेळाडू किंग्ज इंडियन आणि ग्रुनफेल्ड हे त्यातलेच प्रकार खेळतात. हे वाचलं तेव्हा मला वाड्याच्या ओट्यावरचे आजोबा आठवले.

एक पूर्ण डाव मुलांकडून पाठ करून घ्या, एकच. अमेरिकेच्या मॉर्फीचा पॅरिसच्या ऑपेरामधला, १८५८ चा, १७ चालींचा. समोर ड्यूक आणि काउंट दोघं मिळून खेळत होते. मॉर्फी जमेल तेव्हा एक नवीन मोहरं बाहेर काढतो, आठव्या चालीला त्याला फुकटचं प्यादं मिळत होतं ते पण सोडून घोडा बाहेर काढतो. शेवटी वजीर बी८ ला जाऊन शह देतो, वजीर चक्क देऊन टाकतो, काळ्याला तो घोड्यानं मारावाच लागतो, आणि हत्ती डी८ ला येऊन मात, जी५ चा उंट मागून जोर देतोय. पांढऱ्याकडे हल्ल्याला उरलेत फक्त हत्ती आणि उंट, आणि काळ्याचा एफ८ चा उंट आणि एच८ चा हत्ती डाव संपेपर्यंत जागचे हललेलेच नाहीत. मुलांना तो शेवटचा पट दाखवून मी विचारते, काळ्याचं कोण कोण झोपलंय? मग पुढच्या वेळी स्वतःच्या डावात हत्ती झोपला की तीच पोरं म्हणतात, काकू, माझा हत्ती उठवायचा राहिला.

रोजचा सराव अर्धा तास पुरे, त्यातली वीस मिनिटं कोडी, दोन चालींत मात, तीन चालींत मात. लीचेस नावाच्या साइटवर फुकट आहेत आणि जाहिराती नाहीत. पण मोबाईलवर तीन-तीन मिनिटांचे डाव लहान मुलांना देऊ नका, हात चालतो, डोकं चालत नाही. माझी तर विनंती आहे की दहा वर्षांपर्यंत खरा पट, खरी मोहरी.

स्पर्धेला न्यायचं झालं की चार गोष्टी घरीच घटवा. हात लावलेलं मोहरं खेळायलाच लागतं, समोरच्याच्या मोहऱ्याला हात लावला तर आणि मारता येत असेल तर मारायलाच लागतं. मोहरं नुसतं सरळ करायचं असेल तर आधी ॲडजस्ट म्हणायचं. कॅसलिंग करताना आधी राजाला हात, एकाच हातानं, आधी हत्तीला हात लागला तर हत्तीच खेळायला लागतो, ह्यावरून गेल्या हिवाळ्यात आमच्या एका मुलाचा चांगला डाव गेला. ज्या हातानं चाल केली त्याच हातानं घड्याळ दाबायचं. मोबाईल आईबाबांकडेच ठेवायचा, खिशात सापडला तर डाव जातो. शंका आली तर स्वतः बोलायचं नाही, घड्याळ थांबवून हात वर करायचा, पंच येतात. वयाचे गट आपल्याकडे ७, ९, ११, १३ असे विषम असतात आणि वय १ जानेवारीला धरतात, ते आधी बघून घ्या. रेटिंगची घाई नको, मार्च २०२४ पासून फिडेचं, म्हणजे जागतिक बुद्धिबळ संघटनेचं रेटिंगच १४०० पासून सुरू होतं, म्हणजे पूर्वी हजारात दिसणारी मुलं आता यादीत येत नाहीत, त्यामुळे पहिल्या एक-दोन वर्षांत मिळालं नाही तर काही बिघडत नाही.

मुलगी असेल तर तिला मध्येच थांबवू नका. आमच्याकडे पाचवीपर्यंत मुली निम्म्या असतात आणि सातवीत गेल्या की दोनच उरतात, क्लास असतो, उशीर होतो, नेणार कोण. मुंबईच्या खाडिलकर बहिणी, वासंती, जयश्री आणि रोहिणी, तिघींनी महिलांचं राष्ट्रीय विजेतेपद घरातच ठेवलं होतं, १९७४ ची पहिली स्पर्धा वासंतीनं जिंकली. नागपूरची दिव्या देशमुख २०२५ ला जॉर्जियात बटुमीला महिलांचा वर्ल्ड कप जिंकली आणि १९ व्या वर्षी ग्रँडमास्टर झाली. नेणारं कोणीतरी होतं म्हणूनच.

पहिला डाव हरलं पोरगं तर विदितचं सांगा. ती २०२३ ची ग्रँड स्विस, तिचा पहिलाच डाव तो हरला होता. ११ फेऱ्या संपल्या तेव्हा साडेआठ गुणांनी पहिला होता. पुढे २०२४ ला टोरांटोत कँडिडेट्सला त्यानं अमेरिकेच्या नाकामुराला दोनदा हरवलं, आणि त्याच वर्षी बुडापेस्टला बुद्धिबळ ऑलिम्पियाडचं सोनं जिंकलेल्या संघात पण तो होता. आपल्याच गावचा, इथल्याच रस्त्यांवरून शाळेत गेलेला मुलगा, हे पोरांना फार जवळचं वाटतं.

घरी आल्यावर जिंकलास का असं विचारू नका, दाखव काय खेळलास असं विचारा. म्हणून चाली लिहायची सवय पहिल्यापासून लावा, वहीत का होईना. आधी हात-पाय धुऊन खाऊन होऊ दे, मग पट मांडा आणि ती वही उघडा, शेवटच्या चालीवर. तिथून मागे मागे जायचं, ही मात कशी झाली, त्याच्या आधी राजाला दुसरं घर होतं का, त्याच्या आधी प्यादं ढकललं नसतं तर. जिथे पोरगं म्हणेल की इथे मी हे खेळायला पाहिजे होतं, तिथे थांबायचं आणि ती चाल त्यालाच शेजारी पेन्सिलनं लिहू द्यायची.